युफेमियाच्या घरचा माणूस

नाव: युफेमिया. आडनाव: आहे, परंतु प्रस्तुत अभ्यासाच्या दृष्टीने अनावश्यक. जमात: पुएब्लो. गाव: सांता ब्रिजिदा, न्यू मेक्सिको. लिंग: स्त्री. वय: अंदाजे साठ (विषय स्वतः 'मोठ्या दुष्काळाच्या आदल्या वर्षीची' असे सांगते, पडताळणी शक्य नाही). वैवाहिक स्थिती: विधवा. उंची: कमी. बांधा: आडवा. डोक्याचा आकार: मध्यम ते रुंद. ओळखीची खूण: डाव्या गालावर तीळ. व्यवसाय: मका, पाव, माहिती पुरवणे. स्वभाव: सौम्य, सहकार्यशील, अल्पभाषी. स्वतंत्र निर्णयाची प्रवृत्ती: आढळली नाही, वर्तन सर्वस्वी रूढीने ठरवून दिलेले.

हे वर्णन माझे नव्हे. ते एका हिरव्या बांधणीच्या जाडजूड ग्रंथात छापलेले आहे, आणि त्यात युफेमियाला 'स्त्री क' म्हटले आहे. गुप्तता राखावी म्हणून. आमच्या गावात आडव्या बांध्याची, पाव भाजणारी, डाव्या गालावर तीळ असलेली विधवा एकच. तेव्हा गुप्तता किती राखली गेली ते ज्याचे त्याने ठरवावे. ग्रंथाची प्रत गावात पोचली तेव्हा युफेमियाला राग आला, पण तो वेगळ्याच गोष्टीचा. 'स्त्री अ' म्हणजे तिची शेजारीण क्रूसिता निघाली.

"ती अ आणि मी क?" युफेमिया म्हणाली. "तिचा पाव कधी फुगलेला बघितलाय का कुणी?"

'अल्पभाषी' या शब्दावर गाव बरेच दिवस हसले. युफेमिया भट्टीपाशी बोलायला लागली की चर्चच्या दारात ऐकू येई. ती गप्प बसे ती फक्त समोरच्याने पेन्सिल काढली म्हणजे, आणि हा काही तिचा एकटीचा गुण नव्हे. सांता ब्रिजिदा हे नाव आम्हांला पाद्र्यांनी दिले. गावाला दुसरे नाव आहे, ते इथे लिहिणार नाही. पुढेही बरेच काही लिहिणार नाही. वाचकांनी मनाला लावून घेऊ नये. तो ग्रंथ लिहिणाऱ्या प्राध्यापकांनाही सांगितलेले नाही.

बाहेर असा एक समज आहे की आम्ही अभ्यासकांना थापा मारतो. थाप मारायची तर ती नंतर लक्षात ठेवावी लागते, आणि उन्हाळ्यात कामे फार असतात. आम्ही खरे तेच सांगत होतो, फक्त कुणाच्या काही उपयोगाचे नसलेले. मका कधी पेरता? वेळ झाली की. कणीस कुणी सोलायचे? ज्याला भूक असेल त्याने. हे सगळे लिहून घेतले जाई, आणि लिहिणाऱ्याच्या चेहऱ्यावर असे समाधान असे की सांगणाऱ्याला आपणच काही पुण्य केल्यासारखे वाटे.

युफेमियाचा विद्येशी संबंध लहानपणीच आला. सरकारने तिला इतर पोरींबरोबर गाडीत घालून दूरच्या वसतिगृहात नेले. तिथे तिला इंग्रजी आणि इस्त्री शिकवली, आणि आपल्या भाषेत बोलताना सापडली की साबणाने तोंड धुतले. ती परत आली तेव्हा शर्टाची कॉलर पत्र्यासारखी कडक करू शकत होती. गावात कॉलरचा शर्ट कुणाकडेच नव्हता. त्यानंतर काही वर्षांनी त्याच सरकारच्या दुसऱ्या खात्याने तीच भाषा लिहून घ्यायला माणसे पाठवली. ही भाषा नष्ट होत चालली आहे, असे ते फार हळहळून सांगत. साबणाचा विषय त्यांनी कधी काढला नाही.

त्यांतलाच एक गृहस्थ लोखंडी चिमटा घेऊन डोकी मोजत हिंडत होता. युफेमिया तेव्हा नवी नवरी. तिने मुकाट्याने डोके मोजू दिले. मग ज्या सुतळीत ती लाल मिरच्या ओवत होती तिचा एक तुकडा तोडला, त्या गृहस्थाच्या डोक्याभोवती गुंडाळला आणि मापाला गाठ मारली.

"हे कशासाठी?" त्याने विचारले.

"तुम्ही कशासाठी मोजलंत?"

"शास्त्रासाठी."

"मग माझंही त्याच्यासाठीच."

ती सुतळी पुढे मिरच्या भरून तुळईला टांगली गेली आणि हिवाळाभर उपयोगी पडली. चिमट्याच्या मापांचे काय झाले ते कळले नाही.

नवरा तापाच्या साथीत गेला. मुलगी लोरेन्सिता शहरातल्या हॉटेलात चादरी धुते, आणि तिचा नवरा रेल्वेच्या कामाला कॅलिफोर्नियात गेला तो तिथलाच झाला. घर युफेमियाचे, तिच्या आईचे, आईच्या आईचे. शेतही तसेच. आमच्याकडे घर आणि शेत बायकांकडे असते. पुरुष त्यात राहतात, राबतात आणि फार बोलले तर त्यांचे गाठोडे दाराबाहेर दिसते. युफेमियाचे शेत म्हणजे पाटाच्या शेवटच्या टोकाची पट्टी. तिच्याही पलीकडे एकच शेत, ते देसिदेरिओचे. हा देसिदेरिओ गावाचा पाटकरी. पाण्याच्या पाळ्या त्याच्या हातात, आणि नजर बहुतेक वेळा युफेमियाच्या पट्टीवर.

पाटाचा नियम साधा. दर मार्चमध्ये सगळा पाट खणून गाळ काढायचा. पाणी घेणाऱ्या प्रत्येक घराने एक माणूस पाठवायचा. पाटकरी लांब काठीने मोजून प्रत्येकाला आपापला तुकडा आखून देतो, आणि तो ज्याचा त्याने संपवायचा. ज्या घरून माणूस आला नाही त्या घराला त्या साली पाणी नाही. पाणी नाही म्हणजे पीक नाही, आणि जमीन पडीक राहिली की ती गावाकडे परत जाते. मग गव्हर्नर, म्हणजे आमच्या गावचा प्रमुख, ती ज्याला गरज असेल त्याला देतो. देसिदेरिओला गरज होती. ती त्याला कितीतरी वर्षांपासून होती.

युफेमियाच्या घरून तिचा भाऊ रेयेस खणायला जाई. त्या ऑगस्टमध्ये भिंत लिंपताना तो शिडीवरून पडला आणि त्याचे कंबरडे मोडले. जीव वाचला, तोंडही शाबूत राहिले, पण फावडे सुटले ते सुटलेच.

प्राध्यापक हॉरेस लिंडक्विस्ट त्या वेळी युफेमियाच्या मागच्या खोलीत उतरले होते. जूनमध्ये ते मोटार घेऊन आले, आणि पहिल्याच आठवड्यात पोरांनी त्यांचे नाव 'का-बरं' ठेवले. शिडी घराच्या बाहेरून का बरं? भट्टीचे तोंड पूर्वेला का बरं? कुत्रा का बरं भुंकतो? गावच्या जत्रेला ते नियमाप्रमाणे घराघरांत जाऊन जेवले, कारण त्या दिवशी आमच्याकडे आलेल्याला उपाशी पाठवत नाहीत. आलेल्याने दोन घास खाऊन पुढच्याला जागा करून द्यायची असते, हे कुणी सांगितले नव्हते. ते प्रत्येक घरी पोटभर जेवले. मिरचीच्या रश्शाने दोन दिवस खोलीबाहेर पडले नाहीत, आणि ग्रंथात या प्रकरणाला 'सामूहिक अन्नवाटप' असे नाव आहे.

सप्टेंबरमध्ये एकदा युफेमिया भट्टीतून पाव काढत होती. लिंडक्विस्ट शेजारी वही घेऊन बसले होते. पिठाचे पोते त्यांच्या उजेडाच्या आड येत होते. त्यांनी एका हाताने ते उचलले आणि बाजूला ठेवले.

युफेमियाचे पाव काढायचे लाकडी उलथने भट्टीतच राहिले.

"का रे," ती म्हणाली, "तू कॉलेजात होड्या चालवायचास म्हणालास ना?"

"हो. वल्ही मारायचो. शर्यतीत."

"वल्हं केवढं असतं?"

"बारा फूट."

"आणि किती वेळ मारायचास?"

"तासन्‌तास. का बरं?"

"हात दाखव."

त्यांनी वही मांडीवर ठेवून दोन्ही तळवे पुढे केले. हे हस्तसामुद्रिक आहे अशी त्यांची समजूत झाली आणि त्यांचा आवाज खाली गेला. युफेमियाने तळवे उलटसुलट करून पाहिले. "मऊ आहेत," ती म्हणाली. "पण रुंद आहेत."

मग लिंडक्विस्टांनी विचारले, आणि हा प्रश्न त्यांना जूनपासून विचारायचा होता: "बाहेरचा माणूस तुमचा नातेवाईक होऊ शकतो का?"

"होतो की," युफेमिया म्हणाली. "न व्हायला काय झालं?"

संध्याकाळी तिने रेयेसला सांगितले. रेयेस पलंगावर पडल्या पडल्या हसला आणि कंबर दुखली म्हणून थांबला.

"ह्याला? अगं, बूट काढतानासुद्धा तो का बरं विचारतो."

"खणता खणता विचारू दे. तोंडाला कुठे फावडं लागतं?"

"मार्चमध्ये येईल तो?"

"मुलगा झाल्यावर येणार नाही?"

इथेच युफेमियाची चूक झाली, आणि ही चूक आमच्याच गावात होऊ शकते. नाते लावले की माणूस कामाला येतो, हे तिने धरूनच चालवले. नात्याचा दुसरा काही उपयोग असतो हे तिने ऐकलेच नव्हते. तिने फसवाफसवी मुळीच केली नाही. लिंडक्विस्टांना समोर बसवून स्वच्छ सांगितले: "मार्चमध्ये पाट असतो. घरचा माणूस म्हणून तुला यावं लागेल."

"येईन आई, नक्की येईन!" लिंडक्विस्टांच्या डोळ्यांत पाणी आले. "मला तो पाहायचाच आहे."

दोघांचेही समाधान झाले.

नात्यात घेण्यासाठी लिंडक्विस्टांचे डोके धुतले गेले, नाव दिले गेले. कसे, कुणी, काय म्हणून, ते तुमचे काम नाही. नावात काही गंमत असेल, गावाने गुपचूप चेष्टा केली असेल, अशी ज्यांची अपेक्षा असेल त्यांची निराशा होईल. नाव चांगले होते, घरातले होते, आणि ते द्यायच्या आधी युफेमिया बरेच दिवस गप्प होती. तर लिंडक्विस्ट घरचे झाले. घरच्या माणसाला कोणी अहोजाहो करत नाही, म्हणून इथून पुढे मीही त्याला अरेतुरेच करतो.

हिवाळ्यात तो पूर्वेकडे गेला आणि व्याख्याने देऊ लागला. वर्तमानपत्रातले त्याचे चित्र दुकानदाराने भिंतीला लावले: अंगावर पांघरूण, डोक्याला पट्टा, पट्ट्यात पीस. पीस कोणत्या जमातीचे ते आम्हांला अखेरपर्यंत कळले नाही, आमचे नव्हते. युफेमियाने चित्र जवळ जाऊन पाहिले.

"पांघरूण माझं आहे," ती म्हणाली. मग थोडी मागे सरून: "खांदे आहेत अजून."

जानेवारीत गव्हर्नरच्या घरी पाळ्यांची बैठक भरली. देसिदेरिओने फार कळवळ्याने विषय काढला.

"ताई, ती पट्टी आता तुला झेपत नाही. रेयेसदादा असे पडलेले. उगाच जमीन पडीक कशाला ठेवायची?"

"पडीक कोण म्हणतंय?"

"या वर्षी तुझ्याकडून खणायला कोण येणार?"

"माझा मुलगा."

"कुठला मुलगा?"

"एकच आहे. त्याला कुठला काय?"

लोक हसले, पण गव्हर्नर हसला नाही. आमचा गव्हर्नर म्हणजे जुना मेंढपाळ. बोलायचे नसले की तो काठीच्या मुठीवर हनुवटी टेकतो. त्याने हनुवटी टेकली आणि म्हणाला, "आला म्हणजे बघू." पण ती बैठकीत बोलली होती. बैठकीत बोललेले मागे घेता येत नाही. आता मुलगा आला नाही तर पाणी जाणार, पाण्यामागून शेत जाणार, आणि वर खोटे बोलली असे होणार.

मुलगा आला. ठरल्या दिवशी, धुळीच्या वाऱ्यात, सकाळी, मोटारीतून. बरोबर दोन विद्वान होते. एक चष्म्याचा, एक पाइपवाला. पाइपवाल्याच्या शब्दावर लिंडक्विस्टची कायमची नेमणूक अवलंबून होती, असे नंतर कळले. तिघांनी मोटारीतून घडीच्या खुर्च्या काढल्या आणि पाटाच्या काठावर ओळीने मांडल्या.

बंधाऱ्यापासून माणसे उभी राहिली. देसिदेरिओ काठीने तुकडे आखत आणि घरांची नावे पुकारत चालला. शेवटी युफेमियाच्या घराचे नाव आले. रेयेस दोन काठ्यांवर लोंबकळत काठावर येऊन बसला होता.

"भाचेबुवा," तो म्हणाला, "तुझं नाव आलं. उतर खाली."

लिंडक्विस्ट हसून म्हणाला, "मामा, मी आज निरीक्षण करणार आहे."

"कर ना. खाली उतरून कर. गाळ जवळून दिसतो."

"तसं नाही. मी स्वतः खणलं तर निरीक्षण बिघडेल."

"आणि नाही खणलंस तर पाट बिघडेल, त्याचं काय?"

खालून कुणीतरी म्हणाले, "राहू द्या हो, खुर्चीची घडी मोडेल." देसिदेरिओने काठीने तुकडा आखला, रिकाम्या तुकड्याकडे पाहिले आणि त्याच्या तोंडावर जे उमटले त्याला प्रार्थनेनंतरची शांती म्हणता येईल.

लिंडक्विस्टची आमची भाषा म्हणजे तव्यावरच्या लाह्या: एखादा शब्द टणकन उडे, बाकीचे बुडाशी काळे होत. तरी त्याने पाइपवाल्याला समजावून सांगितले की आईच्या भावाचा अधिकार या समाजात फार मोठा असतो आणि आता आपण त्याचाच एक नमुना पाहिला. पाइपवाल्याने मान हलवली. चष्मेवाल्याने लिहून घेतले. रेयेसने काठी उगारली होती ती कुणाला लागेना म्हणून खाली ठेवली.

दुपारी बायका जेवण घेऊन आल्या. युफेमियाच्या डोक्यावर रश्शाचे भांडे होते. तिने काठावरून पाहिले: गाळ उपसलेले तुकडे ओळीने, त्यांच्या शेवटी एक कोरडा, झुडपांनी भरलेला तुकडा, आणि त्याच्यावर खुर्चीत तिचा मुलगा.

तिने भांडे खाली ठेवले आणि सगळ्यांना वाढले. लिंडक्विस्ट वाडगे पुढे करून उभा राहिला तेव्हा ती म्हणाली, "हे खणणाऱ्यांचं आहे." त्याने हेही लिहून घेतले.

देसिदेरिओ तोंड पुसत आला. "ताई, वाईट वाटतं गं. पण तुझ्या घरून माणूस आला नाही. पुढचं मला काही करता येत नाही."

"आला नाही?" युफेमिया म्हणाली. "तो बसलाय तो कोण? कोंबडा?"

"तो खणत नाहीये."

"न येणं वेगळं आणि येऊन न करणं वेगळं. काय रे दादा?"

"वेगळं," रेयेस म्हणाला. त्याच्या आवाजात सकाळपासून पहिल्यांदा जीव आला. "न आलेल्याचं पाणी तोडतात. आलेला कामचुकार असेल तर त्याची वस्तू जप्त करतात, तुकडा संपेपर्यंत. गेल्या साली आपणच सांतियागोचं खोगीर नेलंत, पाटकरी. विसरलात?"

देसिदेरिओ विसरला नव्हता. विसरता आले असते तर त्याला आवडले असते. तो काही बोलायच्या आत युफेमिया मोटारीपाशी गेली होती. मोटार सुरू करायचा वाकडा लोखंडी हँडल पुढे अडकवलेला होता, तो तिने काढला आणि देसिदेरिओच्या हातात दिला.

"घ्या. माझ्या मुलाची वस्तू. करा जप्त."

"मुलगा असेल तर ना!" देसिदेरिओ ओरडला. हँडल जड होता आणि तो त्याच्या हातात अशा तऱ्हेने आला होता की टाकताही येईना. "पाहुण्याची वस्तू घेऊन मी चोर ठरू?"

"मग चला गव्हर्नरकडे."

गव्हर्नरच्या घरात भिंतीवर मानाच्या काठ्या आणि खाली जप्तीचा माल असतो. त्या दिवशी तिथे एक बंदूक आणि एक लगाम होता. हँडल त्यांच्या शेजारी ठेवला गेला. अर्धा गाव दारात. तिघे विद्वान बाकावर. लिंडक्विस्टने नम्रपणे सांगितले की या दोघांना संध्याकाळची गाडी गाठायची आहे, तरी हँडल मिळावा.

गव्हर्नरने ऐकून घेतले. "पाहुण्याची वस्तू आम्ही ठेवत नाही," तो म्हणाला. "पाहुणा असशील तर उचल आणि जा. कुणी अडवणार नाही, वाटेत खायला पावही देतील. घरचा असशील तर फावडं घे." मग युफेमियाकडे वळून: "बाई, हा तुझा मुलगा आहे का?"

सगळ्यांनी तिच्याकडे पाहिले. हो म्हणणे तिच्या हातात होते, आणि शेतही तेवढ्यावर टिकले असते. निदान वाद तरी घालता आला असता. तिने शालीचे टोक बोटाला गुंडाळले, सोडले, पुन्हा गुंडाळले.

"मी डोकं धुतलं," ती म्हणाली. "नाव दिलं. माझ्याकडचं झालं. आता मला काय विचारता? त्याला विचारा."

लिंडक्विस्टने हँडलकडे पाहिले. मग पाइपवाल्याकडे.

"काय म्हणतायत ते?" पाइपवाल्याने इंग्रजीत विचारले.

"मी... मी खरोखर यांचा मुलगा आहे का, असं विचारतायत."

"आहातच ना?" पाइपवाल्याने पाइप तोंडातून काढला. "अहो, तुमचा अख्खा पाचवा अध्याय त्यावर उभा आहे."

देसिदेरिओ ओठ हलवत होता. बहुधा 'पाहुणा' हा शब्द तो लिंडक्विस्टच्या वतीने आधीच म्हणून पाहत होता. युफेमिया कुणाकडेच पाहत नव्हती. गव्हर्नरच्या दारातून माळ दिसतो आणि माळाच्या कडेला तिच्या शेतातली मागच्या सालची वाळकी ताटे दिसतात. ती तिकडे पाहत होती.

"हो," लिंडक्विस्ट आमच्या भाषेत म्हणाला. हा शब्द त्याने प्रथमच बरोबर उच्चारला.

"मग जा," गव्हर्नर म्हणाला आणि हनुवटी काठीवर टेकली.

संध्याकाळची गाडी चुकली. दुसऱ्या दिवशीचीही चुकली. फावडे म्हणजे वल्हे नव्हे, हे लिंडक्विस्टला पहिल्या तासातच उमगले. वल्ह्याखाली पाणी असते, आणि आमच्या पाटात ते नसते म्हणूनच तर तो खणायचा. रेयेस काठावर बसून हुकूम सोडत होता. "भाचेबुवा, मूळ तोडायचं असतं, त्याला गोंजारायचं नसतं!" "भाचेबुवा, माती बाहेर टाक, शेजाऱ्याच्या तुकड्यात नको!" बाकीच्यांचे तुकडे संपले होते, तरी ते घरी गेले नाहीत. इतकी करमणूक गावात कधी नव्हती. एकदा लिंडक्विस्टने फावड्यावर रेलून विचारले, "हा पाट इथेच का बरं वळतो?" तेव्हा सगळा पाट एका आवाजात म्हणाला, "खण!"

त्याच्या तळव्यांना फोड आले, ते फुटले. युफेमियाने मेंढीची चरबी लावून वर फडके बांधले आणि समोर रश्शाचे वाडगे ठेवले. "आता खा," एवढेच म्हणाली. तो रडत होता की रस्सा तिखट होता, ते सांगता येत नाही.

पाइपवाला मात्र खुशीत होता. तो खुर्ची घेऊन युफेमियाच्या शेजारी येऊन बसला.

"बाई, या क्रियेचा तुमच्या दृष्टीने अर्थ काय?"

"गाळ काढतोय."

"हो, हो. पण आतला अर्थ?"

"आतलाच काढतोय. वरचा वाऱ्याने जातो."

पाइपवाल्याने हे फार सावकाश लिहून घेतले आणि खाली दोन रेघा मारल्या.

दुसऱ्या दिवशी ऊन उतरताना देसिदेरिओ काठी घेऊन आला. त्याने तुकडा या टोकापासून त्या टोकापर्यंत मोजला, खोली मोजली, एका ठिकाणी काठी जरा जास्तच जोरात दाबली. काठी खाली गेली नाही. गव्हर्नर काठावर उभा होता. देसिदेरिओ म्हणाला, "झालंय." हा शब्द बोलायला त्याला जेवढे कष्ट पडले तेवढे त्या पाटात त्या वर्षी कुणालाच पडले नसतील. रेयेसने आपली काठी आडवी धरून आरोळी ठोकली. हँडल परत मिळाला.

लिंडक्विस्टची नेमणूक कायम झाली, आणि पाचवा अध्याय नव्याने लिहिला गेला. तो असा संपतो: 'मार्चमधील मृत्तिकाविधी हा दत्तक पुत्राच्या शुद्धीकरणाचा अंतिम टप्पा होय. उमेदवाराचे वाहन निश्चल करून त्याचा बाह्य जगाशी असलेला संबंध प्रतीकात्मक रीतीने तोडण्यात येतो. त्यानंतर मातुलाच्या देखरेखीखाली तो भूमीच्या गर्भात प्रवेश करतो. दत्तक माता रूढीने नेमून दिलेल्या मूक भूमिकेत उपस्थित असते. विधीचा कोणताही व्यावहारिक हेतू आढळून आला नाही.'

मे महिन्यात युफेमियाच्या शेताला पाणी मिळाले.